मधली तीस वर्षं

"तू चहात साखर घेतेस का गं?"

उमेशने स्वयंपाकघरातून विचारलं तेव्हा शर्वरी बाहेरच्या खोलीत बारावीचे गणिताचे पेपर तपासत बसली होती. लाल पेन तिच्या हातात तसंच राहिलं. त्यांच्या लग्नाला एकोणीस वर्षं झाली होती. दीड वर्षापूर्वीपर्यंत घरातला चहा उमेशच करायचा, आणि तिच्या कपात अर्धा चमचा साखर घालायचा, न विचारता.

"अर्धा चमचा," ती म्हणाली.

"हां, अर्धा." मग बराच वेळ डब्यांची झाकणं उघडल्या-लावल्याचा आवाज येत राहिला. "आणि साखर कुठे असते?"

ती उठून आत गेली आणि तिने साखरेचा डबा काढून त्याच्या हातात दिला. उमेश हसला. छान, मोकळं हसू. असं तो दीड वर्षात हसला नव्हता.

"तीस वर्षांनी घरी आलोय मी," तो म्हणाला. "थोडं सांभाळून घे."

सकाळी नाश्ता करून तो बाहेर पडला होता आणि जेवायच्या आत परत आला होता. उपचाराची ती शेवटची बैठक होती.

*

जुई, त्यांची एकुलती एक मुलगी, अकरावीत होती. मिरजेहून सांगलीला क्लासला जायची. एका संध्याकाळी उमेश तिला स्कूटरवरून घरी आणत असताना स्कूटर दुभाजकाला धडकली. उमेशचं खांद्याचं हाड मोडलं. जुई दवाखान्यात पोचायच्या आधीच गेली.

पोलिसांना, मोठ्या बहिणीला म्हणजे विजूताईंना, शर्वरीला, सगळ्यांना उमेशने एकच वाक्य सांगितलं होतं. "कुत्रं आडवं आलं." त्यानंतर तो जवळजवळ बोललाच नाही.

शर्वरीला त्याला एक गोष्ट विचारायची होती. उमेशचं चष्म्याचं दुकान होतं, आणि त्याला एक वाईट खोड होती. स्कूटरच्या हँडलमधल्या छोट्या पडद्यावर गिऱ्हाइकांचे निरोप यायचे ते तो चालवता चालवता वाचायचा. त्यावरून तिने त्याच्याशी कितीदा भांडण केलं होतं. त्या संध्याकाळी खरंच कुत्रं आलं होतं का, एवढंच तिला विचारायचं होतं.

पण विचारायचं कुणाला? उमेश अंथरुणातून उठत नव्हता. जेवत नव्हता. निम्मा झाला होता. एकदा ती कॉलेजमधून आली तर तो गच्चीच्या कठड्याला टेकून खाली बघत उभा होता, आणि तिने हाक मारली तरी वळला नाही. त्या दिवसापासून तिने तो प्रश्न गिळून टाकला. त्याला भात भरवायचा, गोळ्या द्यायच्या, आंघोळीला उठवायचं, मग कॉलेज गाठायचं, येताना दुकानाचं कुलूप बघून यायचं, परत भात भरवायचा. रडायला वेगळा वेळ काढावा लागे आणि तो बहुतेक वेळा मिळत नसे.

येणारे-जाणारे सांगायचे, "वेळ जाऊ दे, सावरेल."

आणि मग वेळच देणारं यंत्र निघालं.

*

मिरजेतल्या एका छोट्या केंद्रात डॉक्टर तिवडे नावाच्या बाई ते उपचार देत असत. पन्नाशीच्या, बारीक आवाजाच्या, स्वतःही दमलेल्या. त्यांनी शर्वरीला समोर बसवून समजावून सांगितलं.

"नव्या गावाला गाडीने जाताना रस्ता किती लांब वाटतो, आणि त्याच रस्त्याने परत येताना पटकन संपतो. हे तुम्ही अनुभवलं असेल. घड्याळातला वेळ दोन्हीकडे सारखाच. मग फरक कुठे पडतो? मेंदू मागे वळून मिनिटं मोजत नाही, खुणा मोजतो. जाताना प्रत्येक वळण नवं, म्हणून खुणा खूप. येताना सगळं ओळखीचं, म्हणून खुणा कमी. लहानपणीची मे महिन्याची सुट्टी केवढी मोठी असायची आठवतं? आणि आता वर्ष कुठे गेलं ते कळत नाही. कारण तेच. आम्ही खुणा वाढवतो."

"कशा?"

"गोष्ट सांगून."

त्यांनी यंत्र दाखवलं. शाळेतल्या पाटीएवढा एक पडदा आणि डोक्याला बांधायचा मऊ पट्टा. पडद्यावर गोष्ट उमटत जाते, रुग्ण ती वाचत जातो. कुठल्या वाक्याला मेंदू 'हे नवं घडलं' अशी खूण करतोय ते पट्टा टिपतो, आणि खूण पडत असतानाच हलकी चुंबकीय स्पंदनं देऊन ती खोल करतो. पुढचं वाक्य यंत्र त्या एका वाचकाच्या मेंदूकडे बघून लिहितं, त्यामुळे एकही ओळ वाया जात नाही. तासाभराच्या वाचनात दीड-एक वर्षाच्या खुणा पडतात. वाचताना विशेष काही जाणवत नाही. पट्टा काढून मागे बघितलं की तिथे दीड वर्ष उभं असतं, उन्हाळ्या-पावसाळ्यासकट.

"गोष्ट कसली असते?" शर्वरीने विचारलं.

"साधी. मुद्दाम साधी ठेवतो. एक गाव, एक काम, रोजचे दिवस. त्यात बायको, मुलं, जिवलग असं कुणी ठेवत नाही. नाहीतर परत आल्यावर त्यांच्यासाठी रडायची पाळी."

"म्हणजे जुईला विसरायला लावणार त्याला?"

"नाही हो. विसरायला नाही. मुलगी तीस वर्षांपूर्वी गेली असं त्यांना वाटेल. तीस वर्षांपूर्वीचं दुःख असतंच, पण ते माणसाला अंथरुणात पाडून ठेवत नाही."

शर्वरीने आणखी बरंच काही विचारायला हवं होतं. त्या दुःखाच्या आजूबाजूला जे काही असतं, त्याच्यावरूनही तीस वर्षं जाणार का? पण ती दमलेली होती. त्या खोलीतल्या खुर्चीला हात होते, मान टेकायला उशी होती, आणि दुसरं कुणीतरी सांगत होतं की पुढचं आम्ही बघतो. तिने होकार दिला.

*

उमेशच्या गोष्टीतलं गाव खाडीकाठचं होतं. मिठागरांचं. तो तिथे मीठ पिकवायला शिकला. खाडीचं पाणी वाफ्यात घ्यायचं, वाफा पायांनी तुडवून घट्ट करायचा, पाणी आटत आलं की त्यावर गुलाबी रंग चढतो तो बघायचा. तिसऱ्या-चौथ्या बैठकीनंतर तो हे सगळं शर्वरीला सांगू लागला. दीड वर्ष गप्प असलेला माणूस मिठाबद्दल बोलत होता, आणि शर्वरी पोळ्या लाटता लाटता ऐकत होती.

आठव्या बैठकीनंतर त्याने स्वतःहून दाढी केली. मग आपल्या हाताने जेवू लागला. मग एके सकाळी त्याने दुकानाच्या किल्ल्या मागितल्या. हात काही विसरले नव्हते. काच घासायचं यंत्र लावताना तो म्हणाला, "तीस वर्षांत हात लावला नाही, पण बोटांना कसं माहीत?" बोटांच्या हिशेबी जेमतेम दीड वर्षच झालं होतं.

सांगलीहून विजूताई आल्या. भावाला दुकानात बसलेला बघून त्यांना रडू फुटलं.

"माणूस परत मिळाला गं आपल्याला," त्या शर्वरीचा हात धरून म्हणाल्या. "तू केलंस हे सगळं. आता जरा विश्रांती घे."

"हो," शर्वरी म्हणाली.

पण विश्रांती घ्यायची म्हणजे काय करायचं हे तिला आठवेना. ती झोपायला आडवी झाली की अंगातला प्रत्येक स्नायू उठून बसे. डोळे उघडले की रोज पहिली गोष्ट तीच यायची: फोन वाजतोय, पलीकडे दवाखान्यातला अनोळखी आवाज, "आवटी बाई बोलताय का?" रोज सकाळी जुई नव्याने जायची. शेजारी उमेश शांत झोपलेला असायचा, म्हाताऱ्या माणसाची झोप.

तो तिच्याशी फार चांगला वागायचा, हेही खरं. कधी न वागला तितका. "तिकडे कुणीच नव्हतं," एकदा तो म्हणाला, "तीस वर्षं तुझी वाट बघितली मी." असं म्हणून त्याने तिचा हात हातात घेतला, अगदी जपून, पाहुण्याचा घ्यावा तसा. तिला बरं वाटलं आणि परकंही वाटलं.

मग एका रविवारी, दुपारचं जेवण आटपल्यावर, त्याने विषय काढला.

"शर्वरी, ती आतली खोली. विजूताईच्या नात्यातला एक मुलगा इथे शिकायला येतोय म्हणे. त्याला दिली तर?"

"कुठली खोली?"

"जुईची."

शर्वरी टेबल पुसत होती. तिचा हात थांबला.

"रिकामीच असते ना ती," तो समजुतीच्या सुरात म्हणाला. "किती वर्षं अशी बंद ठेवायची?"

"दीड वर्ष झालंय, उमेश."

तो गोंधळला. मग त्याच्या लक्षात आलं. "हो. तुझं दीड वर्ष. चुकलं माझं." मग तो भिंतीवरच्या जुईच्या फोटोकडे बघत म्हणाला, "गोड होती गं. हनुवटीवर तो तीळ..."

"गालावर होता," शर्वरी म्हणाली. "डाव्या गालावर. फोटोत तिने मान वळवलीय म्हणून दिसत नाही."

उमेशने पुन्हा फोटोकडे बघितलं, आणि त्याच्या चेहऱ्यावर नुसतं कुतूहल होतं. एखाद्या लांबच्या नातलग मुलीबद्दल नवं काही कळावं तसं.

शर्वरी हातातलं फडकं घेऊनच आत गेली आणि जुईच्या कॉटवर जाऊन बसली. जुईला ओळखणारी जगात दोनच माणसं होती. आतून-बाहेरून ओळखणारी. तिचं ओठ दुमडून हसणं, आंबट खाताना एक डोळा मिटणं, अंधाराला घाबरते हे लपवण्यासाठी मोठ्याने गाणं म्हणणं. त्यातलं एक माणूस आता म्हातारं होऊन बसलं होतं, आणि राहिलेल्या एकीला हे सगळं एकटीने उचलून धरायचं होतं.

*

"जोडप्यांना एकत्रच द्यायला हवं, हे आम्हाला उशिरा कळलं," डॉक्टर तिवडे म्हणाल्या. त्या शर्वरीकडे बघत नव्हत्या. "एक जण पुढे निघून जातो, दुसरा तिथेच राहतो. तुमच्यासारख्या आणखी काही जणी आल्यात. आता आम्ही सुरुवातीलाच दोघांना बोलावतो."

"मग मी काय करू?"

"तुम्हीही घ्या. अजून वेळ गेलेली नाही. म्हणजे..." त्या स्वतःच थांबल्या. "पहिली बैठक छोटी ठेवू. सहा महिन्यांची. बघा कसं वाटतं."

शर्वरीला राग यायला हवा होता. पण रागाला जी ताकद लागते ती तिच्याकडे नव्हती. ती खुर्चीत बसली, पट्टा बांधून घेतला. पडद्यावर अक्षरं उमटली.

'तू उठतेस. बाहेर धुकं आहे. डोंगर अजून दिसत नाही. आज कुठे जायचं नाही.'

त्या शेवटच्या वाक्याला तिच्या डोळ्यांत पाणी आलं. ती पुढे वाचत गेली. डोंगरातलं एक लहानसं घर होतं. तिथे तिला काही काम नव्हतं. परसात वालाचा वेल होता. त्याला पाणी घालायचं, शेंगा तोडायच्या, एकटीपुरती भाजी करायची. दुपारी ओसरीवर पडायचं. धुकं उतरायचं, ऊन यायचं, पावसाळा आला आणि गेला, वेलाच्या शेंगा वाळल्या. कुणी तिला उठवलं नाही. कुणी काही विचारलं नाही.

पट्टा निघाला तेव्हा चहावाल्याने तिच्यासाठी आणलेला चहा शेजारी निवत होता. पण मागे सहा महिने होते, झोपून भरलेले सहा महिने. तिने खांदे हलवून बघितले. दुखत तर होते, शरीराला थोडीच विश्रांती मिळाली होती? पण मनावरचं ओझं कुणीतरी खाली काढून ठेवल्यासारखं वाटत होतं.

रिक्षात बसल्यावर तिने घाबरत घाबरत तो फोन आठवून बघितला. दवाखान्यातला आवाज. तो आला, पण सावकाश, दार वाजवून आल्यासारखा. 'आवटी बाई बोलताय का' हे शब्द होते, आवाज मात्र पुसट झाला होता. मग तिने तो दुसरा जुना प्रश्न शोधला, कुत्र्याचा. तो होता. पण दीड वर्ष छातीत रुतून बसलेलं काहीतरी आता जरासं सैल झालं होतं.

तिला बरं वाटत होतं. इतकं बरं तिला खूप दिवसांत वाटलं नव्हतं, आणि म्हणूनच तिला भीती वाटली. अजून पंधरा-वीस बैठका झाल्या की हा प्रश्न विचारावा असंही आपल्याला वाटणार नाही. उत्तर काय होतं याने काही फरक पडणार नाही. आपणही हनुवटीवर तीळ होता म्हणू.

"घरी नको," ती रिक्षावाल्याला म्हणाली. "मार्केटमध्ये घ्या."

*

दुपारची वेळ होती, दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. उमेश चष्म्याच्या काड्यांचे स्क्रू घट्ट करत बसला होता. तिला बघून तो उठला. "तू? कॉलेज नाही आज?"

शर्वरी काउंटरच्या अलीकडे उभीच राहिली.

"त्या संध्याकाळी कुत्रं खरंच आलं होतं का?"

उमेशने हातातला चष्मा खाली ठेवला. तो दचकला नाही. त्याने तिला स्टूल पुढे केलं, आणि ती बसत नाही असं बघून स्वतः बसला.

"तू हे विचारशील म्हणून मी फार वाट बघितली," तो म्हणाला. "पहिली काही वर्षं रोज वाटायचं, परत गेल्यावर शर्वरी विचारेल."

"कुठली पहिली वर्षं?"

"तिकडची. मिठागरातली."

"मग सांग आता."

"मला माहीत नाही गं."

"उमेश."

"खोटं नाही बोलत. ऐक." त्याने दोन्ही तळवे काउंटरवर ठेवले. "तिकडे काम संपलं की मी बांधावर बसायचो आणि ती संध्याकाळ पुन्हा पहिल्यापासून आठवायचो. रोज. कधी त्यात कुत्रं असायचं, तपकिरी, एका कानाचं. कधी पडद्यावर निरोप आलेला असायचा आणि मी खाली बघितलेलं असायचं. कधी तर पाऊस असायचा. त्या दिवशी पाऊस होता का?"

"नव्हता."

"बघ. मला पाऊस स्पष्ट आठवतो. जुईच्या ओल्या बाहीचा स्पर्श आठवतो पाठीला."

आठवण ही पेटीत ठेवलेल्या दागिन्यासारखी नसते. दर वेळी बाहेर काढली की मेंदू ती पुन्हा नव्याने लिहून ठेवतो, आणि लिहिताना थोडी बदलतो. शर्वरीने हे कुठेतरी वाचलं होतं. तीस वर्षं रोज काढलेल्या आठवणीत खरं किती उरणार?

"यंत्रात बसायच्या आधी तर तुला माहीत होतं ना?" तिने विचारलं.

"असणारच."

"मग तेव्हा काय होतं?"

"तेच तर आठवत नाही," उमेश म्हणाला.

शर्वरीने काउंटरवरचा चष्म्यांचा ट्रे दोन्ही हातांनी ढकलून दिला. फ्रेमा फरशीवर विखुरल्या.

"दीड वर्ष थांबले मी!" ती ओरडली. "तुला भरवलं, तुला आंघोळ घातली, आणि विचारलं नाही! विचारलं तर तू गच्चीवरून उडी मारशील म्हणून विचारलं नाही! म्हटलं बरा होऊ दे, मग विचारीन. आणि तू बरा होऊन आलास ते उत्तर तिकडे खाडीत टाकून!"

"हो," उमेश म्हणाला.

"हो काय? मागे बसून ती तुझ्या पाठीत बोट खुपसायची. 'बाबा, समोर बघ.' रोज म्हणायची. 'बाबा, समोर बघ.' हे तरी आठवतं का तुला?"

त्याने मान हलवली. "नाही."

त्या 'नाही'नंतर शर्वरीला काही थांबवता आलं नाही. ती काय काय बोलली ते तिलाही पुढे नीट सांगता आलं नसतं. माझी मुलगी तुझ्या मागे बसली होती. तुझं हाड मोडलं आणि ती गेली. माणसं तुला भेटायला यायची, तुझी चौकशी करायची, मी चहा करायचे. मला कुणी विचारलं का, तू जेवलीस का? शेजारच्या शिंप्याच्या दुकानातलं मशीन थांबलं. दोन माणसं पायरीपर्यंत येऊन परत गेली. उमेशने उठून शटर अर्धं खाली ओढलं आणि पुन्हा स्टुलावर येऊन बसला.

"बोल," तो म्हणाला. "मी इथेच आहे."

हे ऐकून ती आणखी चिडली, आणि बोलत राहिली. बोलता बोलता मध्येच तिच्या लक्षात आलं की तो ऐकतोय. कोसळत नाहीये. दीड वर्षापूर्वी यातलं एक वाक्यही त्याला सोसलं नसतं. आज तो समोर बसून सगळं अंगावर घेत होता, आणि तिला कुठलाच शब्द तोलावा लागत नव्हता. हे त्याला त्या यंत्राने दिलं होतं. जे नेलं त्याची भरपाई यातून होत नव्हती, पण दिलं होतं.

शेवटी तिचा आवाज बसला. ती स्टुलावर टेकली.

"स्वतःला माफ केलंस तू?" तिने विचारलं.

"केलं. खूप उशिरा केलं, पण केलं. नाहीतर जगता आलं नसतं," उमेश म्हणाला.

"मी नाही केलं."

"माहीत आहे. केलंच पाहिजे असं नाही."

तो खाली वाकला आणि फरशीवरच्या फ्रेमा गोळा करू लागला. शर्वरी बघत राहिली. तिला त्याला मदत करावीशी वाटली नाही, उठून निघून जावंसंही वाटलं नाही. ती फक्त बसली.

*

आठवड्याने केंद्रातून फोन आला. शर्वरी तेव्हा कॉलेजच्या स्टाफरूममध्ये होती. दुसऱ्या बैठकीची वेळ ठरवायची होती.

ती काही बोलेना तेव्हा पलीकडच्या मुलीने विचारलं, "मॅडम, पुढे ढकलू का?"

शर्वरीला ते धुकं आठवलं. ओसरी आठवली, दुपार आठवली. फक्त हो म्हणायचं होतं.

"रद्द करा," ती म्हणाली.

फोन ठेवल्यावर तिला इतकं दमल्यासारखं झालं की तासाची घंटा होऊन गेली तरी ती खुर्चीतून उठू शकली नाही. आपण केलं ते बरोबर की चूक, याचा विचार करायलाही अंगात त्राण नव्हतं.

त्या रविवारी तिने जुईच्या खोलीच्या खिडक्या उघडल्या आणि केर काढायला घेतला. उमेश दारात येऊन उभा राहिला. आत यायचं का नाही, हे त्याला कळत नसावं.

"ये," ती म्हणाली. "ते टेबल जरा सरकव."

त्याने टेबल सरकवलं. मग कॉटच्या कडेला बसला आणि खोलीभर बघत राहिला. भिंतीवरचे कागद, दाराच्या मागची ओढणी.

"मला काही आठवत नाही असं नाही," तो म्हणाला. "पण सगळं लांबून दिसल्यासारखं दिसतं. तू सांगशील का मला? ती कशी होती ते?"

शर्वरीने केरसुणी भिंतीला टेकवली. आपल्याच मुलीची गोष्ट तिच्याच बापाला सांगायची. नाही म्हणावं असं तिला वाटलं. मग ती कॉटच्या दुसऱ्या टोकाला बसली.

"सहा वर्षांची होती," ती म्हणाली. "मे महिना होता. घरात कंटाळली म्हणून तू तिला दुकानात घेऊन गेलास. तू मागे काचा घासत होतास. हिने पुढच्या कपाटातल्या सगळ्या फ्रेमा काढल्या आणि गल्लीतली पोरं गोळा केली. प्रत्येकाला एकेक चष्मा. मग सगळ्यांना पायरीवर रांगेत बसवलं आणि एकेकाला उभं करून समोरच्या दुकानाची पाटी वाचायला लावली. ज्याला वाचता येत नव्हतं त्याला म्हणाली, 'तुमचे डोळे गेले.'"

उमेशला हसू आलं. अगदी पहिल्यांदा ऐकल्यासारखं.

"त्याला वाचताच येत नसेल गं."

"चार वर्षांचा होता तो. रडायला लागला. त्याची आई आली, मग बाकीच्यांच्या आया आल्या. ही तिथेच, कमरेवर हात ठेवून. म्हणे, 'रांगेत या.'"

"मग?"

"मग तू बाहेर आलास."

उमेश पुढे सरकला. "मी रागावलो का?"

शर्वरीने त्याच्याकडे बघितलं. त्याला खरंच माहीत नव्हतं. तो वाट बघत होता.

"नाही," ती म्हणाली. "तू पण एक चष्मा लावलास, आणि तिच्यासमोर रांगेत जाऊन बसलास."